उरलेले हप्ते : ३२३

डिसेंबर २००६ मध्ये बँकेचं एक पाकीट आमच्या घरी आलं. त्याच महिन्यात पुण्यात सातारा रस्त्यावर बीआरटीच्या बस सुरू झाल्या होत्या आणि स्वारगेटला जो तो त्याच विषयावर बोलत होता. कामावरून आलो आणि पाकीट फोडलं. आत एकच कागद. व्याजाचा दर साडेसातवरून नऊ टक्के झाला होता. मी घाईघाईने खालची ओळ शोधली. मासिक हप्ता : ९,६६७ रुपये. म्हणजे तोच. जीव भांड्यात पडला. बायकोला सांगितलं, "दर वाढलाय, पण हप्ता तेवढाच आहे." कागदाची घडी घातली आणि टीव्हीखालच्या खणात ठेवून दिली.

हप्त्याच्या खाली आणखी एक ओळ होती. उरलेले हप्ते : ३२३. ती मी पाहिलीच नाही असं म्हटलं, तर खोटं ठरेल. नजर तिच्यावरून गेली होती, पण थांबली नाही. वर्षापूर्वी २४० हप्त्यांचं कर्ज घेतलं होतं. त्यातले १२ भरून झाले होते, म्हणजे २२८ उरायला हवे होते. त्या एका कागदाने माझे ९५ महिने, जवळजवळ आठ वर्षं, आणखी बांधून घेतली होती. आणि हप्ता वाढला नाही म्हणून मी समाधानात होतो.

माझे वडील एसटीत कंडक्टर होते, स्वारगेट डेपोला. आम्ही त्यांना तात्या म्हणायचो. त्यांची सगळी नोकरी भाड्याच्या दोन खोल्यांत गेली, गुलटेकडीत. त्यामुळे स्वतःचं घर ही आमच्याकडे फार मोठी गोष्ट होती. २००५ मध्ये मी ३४ वर्षांचा होतो, एका खाजगी कंपनीत डिस्पॅच विभागात. हातात महिन्याला २३ हजार पडायचे. स्टँडच्या मागे, शंकरशेठ रस्त्याच्या बाजूला, जुन्या सोसायटीत तिसऱ्या मजल्यावरचा ५४० चौरस फुटांचा फ्लॅट विकाऊ निघाला. लिफ्ट नाही, पण खिडकीतून पर्वती दिसायची. किंमत १५ लाख. ३ लाख आमची बचत आणि बायकोचे दागिने मिळून उभे केले. दलाली, मुद्रांक शुल्क, नोंदणी, सोसायटीचं हस्तांतर शुल्क यांसाठी कंपनीच्या पतसंस्थेतून वेगळं कर्ज काढलं. १२ लाख बँकेचे.

बँकेत मी एकच प्रश्न विचारला : महिन्याला किती बसेल? समोरच्या अधिकाऱ्यांनी कॅल्क्युलेटर माझ्याकडे वळवला. ९,६६७. दर साडेसात टक्के, बदलता, मुदत २० वर्षं. मी मनात २३ हजारांतून ९,६६७ वजा केले आणि घर चालेल का, एवढंच पाहिलं. चालत होतं. मग टेबलाशी बसून पुढच्या तारखांच्या ३६ चेकवर सह्या केल्या. प्रत्येकावर तीच रक्कम, आकड्यात आणि अक्षरात. आकडा हाताला इतका पाठ झाला की शेवटी मी तो न बघता लिहीत होतो.

त्याच कॅल्क्युलेटरवर ९,६६७ गुणिले २४० केलं असतं, तर २३ लाख २० हजार आले असते. दर वीस वर्षांत एकदाही हलला नसता, तरी १२ लाखांचे एवढे झाले असते. हे गणित मला येत नव्हतं असं नाही. रोज ट्रकचे दर, टनेज, किलोमीटर यांचे हिशेब करणारा माणूस मी. पण त्या दिवशी मी घराची किंमत विचारत नव्हतो, हप्ता विचारत होतो. या दोन वेगळ्या गोष्टी आहेत हे कळायला मला सहा वर्षं लागली.

हप्त्याच्या आत काय चालतं, ते एकदा सांगतो. पहिल्या महिन्यात १२ लाखांवर साडेसात टक्क्यांनी व्याज झालं ७,५०० रुपये. हप्ता ९,६६७. म्हणजे मुद्दलात गेले फक्त २,१६७. वर्षाने हा आकडा २,३०० च्या पुढे गेला होता. मग दर नऊ टक्के झाला. पावणेबारा लाखांच्या शिल्लक कर्जावर महिन्याचं व्याज झालं सुमारे ८,८००. हप्ता तोच, म्हणून मुद्दलात जायला उरले जेमतेम ८७०. दर दीड टक्का वाढला, पण मुद्दल फिटण्याचा वेग एका झटक्यात तिसऱ्या हिश्श्यावर आला. ३२३ हा आकडा तिथून आला होता. बँकेने काही लपवलं नव्हतं. कागदावर ते स्पष्ट छापलेलं होतं.

तो काळच दर चढण्याचा होता. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर ऑक्टोबर २००५ मध्ये ६.२५ टक्के होता, तो जुलै २००८ मध्ये ९ टक्क्यांवर गेला. डिसेंबर २००७ मध्ये मला दुसरं पत्र आलं. दर साडेदहा टक्के. आता जुन्या हप्त्यात महिन्याचं व्याजही भागत नव्हतं, म्हणून हप्ता १०,९०० केला होता. उरलेले हप्ते : ३१०. या वेळी मी अस्वस्थ झालो, पण कशाने? महिन्याला १,२३३ रुपये जास्त जाणार म्हणून. शेवटचा हप्ता सप्टेंबर २०३३ मध्ये पडणार होता, तेव्हा मी ६२ वर्षांचा असणार होतो, हे डोक्यात आलंच नाही.

आणि त्याच महिन्यात तात्यांनी माझ्या हातात दोन लाख रुपये ठेवले.

कोरेगाव तालुक्यातल्या आमच्या गावाकडच्या जमिनीतला त्यांचा वाटा विकला होता. गावाहून आले, पाय धुतले, आणि पिशवीतून बँकेचा ड्राफ्ट काढून म्हणाले, "हे घराच्या कर्जात भर."

मी म्हणालो, "तात्या, कर्जाचा हप्ता पगारातून जातोच आहे. त्याची काळजी नको. या पैशातून आपण गाडी घेऊ. आईचे गुडघे दुखतात, तुम्हालाही बसची दगदग नको."

ते थोडा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "आरं, फाटकापासून पाच मिनिटांवर स्टँड हाय आपल्या. गाडी कशाला?" मी समजावत राहिलो. शेवटी ते म्हणाले, "तुझं तू बघ. तुला जास्त कळतंय."

मला जास्त कळत नव्हतं. मी शिकलेला होतो आणि ते नव्हते, एवढाच फरक होता. गाडी आली. स्वारगेटला राहणाऱ्या माणसाला रोजच्या जाण्यायेण्यासाठी ती लागत नव्हती. महिन्यातून दोन-तीनदा निघायची, बाकी सोसायटीच्या आवारात कापड पांघरून उभी असायची. आईला दवाखान्यात न्यायला तिचा उपयोग झाला, हेही खरं. पण तेवढ्यासाठी रिक्षा पुरेशी होती.

ते दोन लाख त्या महिन्यात कर्जात भरले असते, तर काय झालं असतं? हे मी पुढे कितीदा तरी मांडून पाहिलं. हप्ता १०,९०० च ठेवला असता, दर साडेदहाच धरला, तर ३१० ऐवजी १७० हप्त्यांत कर्ज फिटलं असतं. १४० हप्ते कमी. १४० गुणिले १०,९०० म्हणजे १५ लाख २६ हजार. पहिल्यांदा हे उत्तर आलं तेव्हा माझा विश्वास बसला नाही, म्हणून पुन्हा मांडलं. तेच आलं. हप्ता व्याजाच्या अगदी लगत असतो तेव्हा मुद्दलातला प्रत्येक रुपया फार जड असतो. तात्यांना चक्रवाढ व्याजाचं सूत्र माहीत नव्हतं. पण कर्ज डोक्यावर असताना हातात आलेला पैसा आधी कुठे जायला हवा, हे माहीत होतं.

या सगळ्या वर्षांत दर एप्रिलमध्ये बँकेकडून व्याजाचा दाखला यायचा. त्यात दोनच आकडे महत्त्वाचे : वर्षात भरलेलं व्याज आणि फेडलेलं मुद्दल. मी तो आमच्या कंपनीच्या अकाउंट्सला द्यायचो, करात वजावट मिळावी म्हणून. २०१०-११ चं व्याज होतं १ लाख १९ हजार. तेव्हा वजावटीची मर्यादा दीड लाख होती, म्हणजे सगळं व्याज वजावटीत बसलं. मला आनंद झाला. माझं उत्पन्न दहा टक्क्यांच्या टप्प्यात होतं. म्हणजे १ लाख १९ हजार देऊन माझा कर वाचत होता सुमारे १२ हजार. "गृहकर्ज असलेलं बरं, कर वाचतो," हे वाक्य मी स्वतः चार जणांना सांगितलं आहे. त्यातले दोघे माझं ऐकून कर्ज लवकर फेडायचं थांबले असतील, तर ती चूकही माझ्याच खात्यावर आहे. आता मर्यादा दोन लाखांची आहे, आणि नव्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजाला ती वजावट मुळीच नाही.

२००९ मध्ये कंपनीतल्या एका धाकट्या सहकाऱ्याने घर घेतलं. त्याला माझ्यापेक्षा जवळजवळ दोन टक्के कमी दराने कर्ज मिळालं. त्या वर्षीच्या एप्रिलमध्ये रेपो दर ४.७५ टक्क्यांवर उतरला होता, पण माझा दर साडेदहालाच अडकला होता. तेव्हा बदलता दर बँकेच्या स्वतःच्या प्रधान दराला बांधलेला असायचा. चढताना तो लगबगीने चढायचा, उतरताना मात्र रेंगाळायचा. सहकारी म्हणाला, "साहेब, बँकेत जाऊन विचारा. शिल्लक कर्जाच्या अर्धा टक्का भरला की दर बदलून देतात." साडेअकरा लाखांच्या अर्धा टक्का म्हणजे पावणेसहा हजार रुपये. वर्षाला वीस हजारांच्या आसपास व्याज वाचलं असतं. मी "बघतो" म्हणालो. रजा टाकून बँकेत जायचा कंटाळा केला.

नोव्हेंबर २०१० मध्ये तात्या गेले. वर्षश्राद्धानंतर गावाहून त्यांची पत्र्याची पेटी आणली. डिसेंबर २०११ ची एक रात्र होती. पेटीत जुन्या वह्या निघाल्या. कंडक्टरला रोज वेबिल भरावं लागायचं. टप्पा आला की तिकिटांचे नंबर मांडायचे, डेपोत आलं की रोख मोजून भरायची, कमी पडली तर स्वतःच्या खिशातून. तात्या तो हिशेब घरी येऊन पुन्हा स्वतःच्या वहीत उतरवायचे. तारीख, गाडी, भरणा, फरक. बहुतेक ओळींत फरकाच्या रकान्यात शून्य होतं. लहानपणी मी विचारलं होतं, "सगळा हिशेब शेवटी एकदाच का नाही करत?" ते म्हणाले होते, "शेवटच्या स्टॉपला हिशेब करणारा खिशातनं भरतो. चूक कुठल्या टप्प्याला झाली, तेच कळत नाही."

ती वही मिटली आणि मी टीव्हीखालचा खण उघडला. बँकेची पत्रं, व्याजाचे दाखले, सगळं जेवणाच्या टेबलावर पसरलं. अकरा वाजून गेले होते. स्टँडवरून कराड-कोल्हापूर गाडीची घोषणा ऐकू येत होती. पेन्सिलीने बेरजा करत गेलो. वर्षांचे आकडे मिळून काय निघतंय हे दिसू लागलं, तशी बेरीज चुकली असेल म्हणून पुन्हा केली. सकाळी अर्ध्या दिवसाची रजा टाकली आणि बँकेतून कर्जखात्याचा पूर्ण उतारा घेतला.

७२ हप्ते. भरलेली रक्कम ७ लाख ५५ हजार. त्यातलं व्याज ६ लाख ७४ हजार. मुद्दल ८१ हजार.

सहा वर्षांत १२ लाखांच्या कर्जातले मी फक्त ८१ हजार फेडले होते. ११ लाख १९ हजार बाकी होते. काउंटरवरची मुलगी सौजन्याने म्हणाली, "सर, मुदत वाढल्याची पत्रं आली असतील ना तुम्हाला?" आली होती. ती सगळी माझ्याच घरात होती.

त्यानंतरच्या गोष्टी लवकर सांगता येतात. गाडी विकली. १ लाख १० हजार आले, ते कर्जात भरले. हप्ता स्वतःहून वाढवून १५ हजार करून घेतला. दर दिवाळीला बोनस आणि शिल्लक रजेचे पैसे मिळून ३० हजार मुद्दलात भरायचे, असं ठरवलं आणि सहा वर्षं पाळलं. जून २०१२ मध्ये रिझर्व्ह बँकेने बदलत्या दराच्या गृहकर्जावरचा मुदतपूर्व परतफेडीचा दंड बंद केला, त्यामुळे ती धास्तीही राहिली नाही. आणि तात्यांच्या एका जुन्या कोऱ्या वहीत मी दर महिन्याला एकच ओळ लिहू लागलो : तारीख, शिल्लक मुद्दल, उरलेले हप्ते.

कागदावर हे सोपं दिसतं. पण १५ हजारांचा हप्ता आमच्या पगाराला झेपणारा नव्हता. बायकोने संध्याकाळच्या शिकवण्या सुरू केल्या, चार ते आठ, बाहेरच्या खोलीत. सात वर्षं आमच्या घरात संध्याकाळी पाहुणे आले नाहीत. २०१४ मध्ये मुलीची बारावी झाली. तिला बाहेरगावी, वसतिगृहात राहून एक अभ्यासक्रम करायचा होता. वर्षाचा खर्च काढला आणि मी तिला नाही म्हटलं. तिने वाद घातला नाही, पुण्यातच शिकली, आज तिचं चांगलं चाललं आहे. पण २००७ मध्ये तात्यांचं ऐकलं असतं, किंवा त्याआधी पहिल्याच पत्रावर हप्ता हजार-दीड हजारांनी वाढवून घेतला असता, तर २०१४ मध्ये तिला हो म्हणता आलं असतं. माझ्या चुकीचा सर्वांत मोठा भाग तिने भरला. हे मी तिला सांगितलं आहे.

२०१८ च्या दिवाळीच्या सुमाराला कर्ज फिटलं. बँकेने मूळ खरेदीखत आणि नाहरकत दाखला परत दिला. ते घेऊन मी चालत घरी आलो. एकूण भरले होते सुमारे २२ लाख ९० हजार, १२ लाखांच्या कर्जावर. १५ लाखांचं घर मला जवळजवळ २६ लाखांना पडलं, मुद्रांक शुल्क आणि पतसंस्थेचं व्याज वेगळं. काहीच केलं नसतं, तर कर्जाचे ३६ लाख भरून २०३३ मध्ये सुटलो असतो.

नियम पुढे सुधारले. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांच्या नव्या बदलत्या दराच्या गृहकर्जांना रेपोसारखा बाहेरचा मापदंड लावावा लागतो, त्यामुळे दर उतरला की कर्जदारालाही त्याचा फायदा लवकर मिळतो. पण चढतानाही तो तितक्याच लवकर चढतो. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या दहा महिन्यांत रेपो ४ वरून साडेसहा टक्क्यांवर गेला. माझ्या भाच्याने २०२१ मध्ये पावणेसात टक्क्यांनी ४० लाखांचं कर्ज काढलं होतं, हप्ता साधारण ३० हजार ४००. २०२३ च्या मार्चमध्ये तो घरी आला. मी विचारलं, "दर किती झाला रे?" म्हणाला, "सव्वानऊ. पण मामा, हप्ता तोच आहे."

मी त्याला फोनवर कर्जखातं उघडायला लावलं. हप्त्यातले काही शे रुपये मुद्दलात जात होते, बाकी सगळं व्याज. आम्ही दोघे दुसऱ्या दिवशी त्याच्या बँकेत गेलो आणि हप्ता वाढवून घेतला.

त्याच वर्षी १८ ऑगस्टला रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढलं : दर बदलला की बँकेने कर्जदाराला कळवायचं, आणि हप्ता वाढवायचा की मुदत, की दोन्ही थोडं थोडं, हे त्याला निवडू द्यायचं. दर तिमाहीला मुद्दल किती फिटलं, व्याज किती गेलं, किती हप्ते उरले, याचं सोपं विवरण द्यायचं. ऑक्टोबर २०२४ पासून कर्ज घेतानाच सगळ्या खर्चासह वार्षिक दर सांगणारं पत्रक मिळतं. २००६ मध्ये मला हवं होतं ते आज हक्काने मिळतं. पण खण उघडून कागद वाचायचं काम कुठलंही परिपत्रक करू शकत नाही. मला तर तेव्हाही पत्र आलं होतं.

आता स्वारगेटला जमिनीखाली मेट्रो थांबते. स्टँडवरच्या घोषणा अजून रात्री ऐकू येतात. तात्यांची वही टीव्हीखालच्या त्याच खणात आहे. तिच्या शेवटच्या ओळीत शिल्लक मुद्दल शून्य आहे आणि उरलेले हप्ते शून्य.

तुमच्यावर घराचं कर्ज असेल, तर आज रात्री जेवणानंतर त्याचा उतारा काढा. हप्त्याची रक्कम तुम्हाला पाठ आहे, ती पाहू नका. तिच्याखालची ओळ वाचा.